'ॲगोस्टिक': कवटाळणे की बिलगणे?

अनुवादक_पुणे
पॉलिथिनवरच्या एका लेखाचं भाषांतर करतेय आणि एका शब्दापाशी अडले आहे. निकेलच्या उत्प्रेरकावर साखळी वाढत असताना धातू आणि साखळीतला एक कार्बन-हायड्रोजन बंध यांच्यात 'ॲगोस्टिक' आंतरक्रिया होते, असं मूळ वाक्य. संगणकाच्या शुद्धलेखन तपासणीने त्याचा 'ॲग्नॉस्टिक' करून टाकला होता, म्हणजे 'अज्ञेयवादी आंतरक्रिया' छापून जायची. ते वेळीच सापडलं. आता संपादक म्हणतात की देवनागरीत नुसता 'ॲगोस्टिक' लिहून वाचकाला काही कळणार नाही, मराठी शब्द द्या.

मी 'कवटाळ बंध' लिहिलं. घरी वाचून दाखवलं, तर सासूबाई लगेच म्हणाल्या, कवटाळ म्हणजे चेटूक! त्यांच्या माहेरी, साताऱ्याकडे, भांडणात बायका एकमेकींना 'कवटाळीण' म्हणायच्या. मी तर कवटाळणे म्हणजे घट्ट मिठी मारणे एवढंच जाणते. काय करावं?

जुनी_वही
सासूबाईंचं बरोबर आहे. कवटाळ म्हणजे जादूटोणा, कवटाळीण म्हणजे चेटकीण, हे अर्थ जुन्या कोशांत आहेत. माझी आजीही तसंच बोलायची. पण 'कवटाळणे' हे क्रियापद आज कुणी त्या अर्थाने वापरत नाही. 'संकटाला कवटाळलं', 'मृत्यूला कवटाळलं' असं वर्तमानपत्रात रोज येतं. अर्थात त्यातही काहीतरी ओढवून घेतल्याची छटा आहेच.

प्रयोगशाळेतून
शब्द ठरवण्याआधी तिथे घडतं काय ते बघू, कारण शब्दाची दिशा त्यावर ठरेल.

धातूकडे इलेक्ट्रॉनांची चणचण असते. त्याच्या जवळ आलेल्या सी-एच (म्हणजे कार्बन-हायड्रोजन) बंधात दोन इलेक्ट्रॉन असतात. त्या दोघांवर मग तिघांचा वाटा होतो: कार्बन, हायड्रोजन आणि धातू. सी-एच बंध तुटत नाही, पण सैल पडतो आणि किंचित लांबतो. कडेवरचं मूल आईची मान न सोडता दुसरा हात शेजारणीच्या गळ्यात टाकतं, तशी त्या हायड्रोजनची गत.

हे मोजताही येतं. धातू ते हायड्रोजन अंतर १.८ ते २.३ अँगस्ट्रॉम भरतं, आणि अँगस्ट्रॉम म्हणजे मीटरचा दहा अब्जावा भाग. एनएमआर म्हणजे चुंबकक्षेत्रात अणुकेंद्रकांचे संकेत मोजण्याची पद्धत; तिच्यात साध्या सी-एच बंधाचं युग्मन (दोन केंद्रकांच्या एकमेकांवरील प्रभावाचं माप) सुमारे १२५ हर्ट्झ असतं, ते इथे ५० ते १०० पर्यंत उतरतं. रेणूचा आकारसुद्धा वाकतो. ऑक्सफर्डचे रसायनशास्त्रज्ञ माल्कम ग्रीन यांच्या गटाने १९८२ साली टायटॅनियमचं एक इथाइल संयुग प्रसिद्ध केलं. त्यात टायटॅनियम-कार्बन-कार्बन हा कोन एरवी १०९ अंशांच्या आसपास असायला हवा, पण तो नव्वदच्याही खाली गेला होता. म्हणजे दुसरा कार्बन त्याच्या हायड्रोजनसकट धातूकडे झुकला होता. ते स्फटिकचित्र विद्यार्थ्यांना दाखवलं की वर्ग गप्प होतो.

शब्द आला त्याच्या पुढच्या वर्षी, १९८३ मध्ये. मॉरिस ब्रुकहार्ट आणि ग्रीन या दोघांनी तो दिला.

ग्रीकप्रेमी
आणि त्यांना तो सुचवला ऑक्सफर्डच्या बेलिअल कॉलेजातले ग्रीकचे पंडित जॅस्पर ग्रिफिन यांनी. मूळ शब्द 'आगोस्तोस'. होमरच्या इलियडमध्ये घायाळ वीर धुळीत कोसळतो आणि पंजाने माती घट्ट धरतो, तिथे हा शब्द येतो. म्हणजे मूळ अर्थ हाताचा पंजा, पुढे वाकवलेला बाहू. रसायनवाल्यांनी 'स्वतःशी घट्ट धरणे' असा अर्थ घेतला.

माझा आपला एक अंदाज: आगोस्तोस आणि आपला 'हस्त' एकाच घरचे असावेत. मग मराठी शब्द 'हस्त'वरूनच का करू नये?

जुनी_वही
नुसत्या आवाजाच्या साम्यावर व्युत्पत्ती मांडू नये. अशाने उद्या 'अगस्ती'ही त्यातच येईल. आणि 'हस्त बंध' म्हटलं तर वाचकाला हातकडी आठवेल.

स्वभाषा
'कवटाळ' नको असेल तर 'बिलग बंध' घ्या. बिलगणे हा अस्सल मराठी, मऊ शब्द आहे, अर्थही नेमका. सामान्य वाचकाला एका क्षणात चित्र दिसतं. आपण घडवत नाही म्हणून शब्द रुळत नाहीत. महापौर, दिनांक हे शब्द सावरकरांनी दिले तेव्हा लोकांनी नाकं मुरडली होती. आज ते परके वाटतात का?

प्रयोगशाळेतून
'बिलग'मध्ये दिशा उलटते. बिलगतं ते लहान, म्हणजे हायड्रोजन धातूला बिलगला असा अर्थ निघतो. ग्रीक शब्दात धरणारा धातू आहे, तो सी-एच बंधाला स्वतःकडे ओढून घेतो.

स्वभाषा
पण इलेक्ट्रॉन देतो कोण? सी-एच बंध देतो, असं तुम्हीच वर सांगितलंत. देणारा आपणहून जवळ आला असं म्हणायला काय हरकत? ग्रिफिन यांनी धातूच्या बाजूने पाहिलं, मराठीने हायड्रोजनच्या बाजूने पाहावं. ग्रीकांनी निवडलेली बाजू आपल्यावर बंधनकारक नाही.

प्रयोगशाळेतून
हा मुद्दा मला पटतो. तरी शब्दाचं गोत्रही बघा. अंतर २.३ ते २.९ अँगस्ट्रॉम असलं आणि बंधात इलेक्ट्रॉनांची खरी वाटणी नसली, तर त्याला 'अनागोस्टिक' म्हणतात. शिवाय कितव्या कार्बनवरचा हायड्रोजन त्यावरून अल्फा-ॲगोस्टिक, बीटा-ॲगोस्टिक. तुम्ही जो शब्द द्याल त्याला ही सगळी पोरंबाळं सांभाळावी लागतील. 'अनागोस्टिक'मधला 'अन्' तर मराठी कानाला आपोआप कळतो, कारण ग्रीक 'अन्' आणि संस्कृत 'अन्' सख्खे आहेत. अनर्थ, अनावश्यक, अनागोस्टिक.

मुद्रितशोधक
मी मुद्रितं तपासतो, तेव्हा माझी हरकत वेगळी आहे. 'बिलग' आणि 'विलग' यांत फरक केवळ ब-व चा. ब च्या पोटातली रेघ बारीक टायपात उडाली की 'बिलग बंध'चा 'विलग बंध' होतो, म्हणजे बरोब्बर उलटा अर्थ. करोनापासून 'विलगीकरण' सगळ्यांच्या डोळ्यांत इतकं बसलंय की चूक कुणाला खटकणारही नाही. असा शब्द परिभाषेत घेऊ नये, हात जोडून सांगतो.

स्वभाषा
छपाईच्या भीतीने शब्द टाकायचे ठरवलं तर मराठीत काय उरेल? घर-धर, भाव-माव, कितीतरी जोड्या आहेत. वाचक संदर्भाने वाचतो.

मुद्रितशोधक
घर-धर एकमेकांचे विरुद्धार्थी नाहीत.

अनुवादक_पुणे
'कवळ बंध' कसा वाटतो? कवेत घेणे, कवळणे. यात चेटूक नाही आणि ब-व चा घोळही नाही.

जुनी_वही
'कवळ' चांगला आहे. पण कवळ म्हणजे घाससुद्धा. मला तर नेहमी वाटत आलंय की 'कवळणे'चा मूळ अर्थ तोंडात मावेल तेवढं धरणे असाच असावा, तिथून हातात मावेल तेवढं, मग मिठीत मावेल तेवढं.

ग्रीकप्रेमी
'कव' म्हणजे दोन्ही हातांचा वेढा. 'कवळणे' त्यावरून आलं, घासाशी त्याचा काही संबंध नाही.

जुनी_वही
संबंध नाही हे इतक्या ठामपणे कसं सांगता? विड्याच्या पानांची 'कवळी' बघा. पंजात मावणारी चळतच ती.

द्राक्षबाग_निफाड
तुमची चर्चा वाचतोय. धातू धरून ठेवण्यासाठी आमच्याकडे एक शब्द केव्हाचा आहे: चिलेटेड. चिलेटेड झिंक, चिलेटेड फेरस. दुकानात जाऊन कुणीही मागतं, शाळा न शिकलेला माणूससुद्धा. चुनखडीच्या जमिनीत साधं हिराकस (लोहाचं सल्फेट) टाकलं तर लोह मातीत अडकून बसतं, पिकाला मिळत नाही. उसावर केवडा पडतो म्हणजे पानं पिवळी पडतात, द्राक्षाची कोवळी पानं पिवळी पडून नुसत्या शिरा हिरव्या राहतात. चिलेटेड दिलं की लोह धरलेलं राहतं आणि पिकाला लागू पडतं. हाच शब्द का चालू नये?

प्रयोगशाळेतून
दादा, चिलेटमध्ये धरणारा धातू नसतो, उलट धातूच धरला जातो. ईडीटीए या चिलेट करणाऱ्या रसायनाचा रेणू लोहाला सहा ठिकाणी पकडतो, दोन नायट्रोजन आणि चार ऑक्सिजन. म्हणून त्याला षट्दंती म्हणतात. त्यात धातू-कार्बन बंध नाही, तेव्हा ते कार्बधातू रसायनातही मोडत नाही. आणि उच्चार 'कीलेट' असा आहे. हिंदी पाठ्यपुस्तकं तसंच लिहितात.

द्राक्षबाग_निफाड
पुस्तकात काहीही असो. निफाडच्या दुकानात कीलेटेड मागितलं तर दुकानदार खिळे दाखवील. पिशवीवर मराठीत 'चिलेटेड' छापलेलं आहे. बोलतात तो शब्द खरा.

स्वभाषा
हेच तर दुखणं आहे. वेळेवर मराठी शब्द दिला असता तर दुकानदारही तोच बोलला असता.

प्रयोगशाळेतून
'प्राणवायू' वेळेवरच दिला होता ना? करोनात दवाखान्याच्या दारात कोण प्राणवायू म्हणत होतं? सगळे ऑक्सिजनच मागत होते. मी स्वतः अणू, रेणू, उत्प्रेरक हे शब्द वर्गात रोज वापरतो, आवडीने वापरतो. पण ज्या शब्दाचे वाचक मोजके, तो जगभर एकच असलेला बरा. उद्या आपला विद्यार्थी मूळ निबंध वाचायला जाईल तेव्हा 'कवळ बंध' शोधून त्याला काय सापडणार?

स्वभाषा
विद्यार्थ्याला दोन्ही शब्द द्या. पण ज्याला मूळ निबंध कधीच वाचायचा नाही, नुसतं पॉलिथिन कसं बनतं एवढं समजून घ्यायचंय, त्याचा मराठीवर हक्क नाही का? हा लेख त्याच्यासाठी आहे.

ग्रीकप्रेमी
चिलेटवरून सांगतो. तो शब्द मॉर्गन आणि ड्रू यांनी १९२० मध्ये काढला, ग्रीक 'खेले'वरून, म्हणजे खेकड्याचा किंवा शेवंडाचा मोठा पंजा. तेव्हा चिलेटला मराठी शब्द हवाच असेल तर 'नांगी' तयार आहे. नांगी-लोह!

रेवदंडा
नांगी विंचवाची. चिंबोरीचे असतात ते डेंगे. आमच्याकडे कालवण करताना मोठे डेंगे फोडून तसेच टाकतात आणि बारीक पाय वाटून, पाणी घालून, गाळून त्याचा रस घेतात. त्या पायांना कुणी डेंगे म्हणत नाही. डेंगा म्हणजे पकडणारा, चिमटा असलेला. चिलेटला 'डेंगा'च शोभेल.

जुनी_वही
घाटावर खेकड्याच्याही नांग्याच म्हणतात. लहानपणी ओढ्यात खेकडे धरताना 'नांगी सांभाळ' असंच सगळे ओरडायचे.

रेवदंडा
मग 'नांगी टाकणे' कुठून आलं? विंचू हरला की शेपूट खाली टाकतो. खेकड्याचा त्यात काय संबंध?

द्राक्षबाग_निफाड
प्रयोगशाळावाले सर, एक विचारायचं राहिलं. माझ्या मातीचा सामू (पीएच) ८.२ आहे. ईडीटीएचं फेरस जमिनीतून देऊन फरक पडत नाही. ते धरून का राहत नाही?

प्रयोगशाळेतून
इतक्या सामूला ईडीटीए लोह सोडून देतं आणि जमिनीतलं कॅल्शियम पकडतं. चुनखडीच्या जमिनीत ईडीडीएचए (चिलेट करणारं दुसरं रसायन) असलेलं लोह घ्या, त्याची पकड या सामूलाही टिकते. ईडीटीएचं ठेवायचं तर फवारणीसाठी ठेवा.

अनुवादक_पुणे
लेख उद्या द्यायचा आहे. तूर्त 'ॲगोस्टिक' ठेवते आणि पहिल्या ठिकाणी 'म्हणजे धातूने शेजारचा सी-एच बंध कवेत घेणे' असं वाक्यातच उलगडून लिहिते. 'कवळ' की 'बिलग' यावर अजून मतं आली तर पुढच्या लेखाला कामी येतील.

स्वभाषा
'बिलग'.

जुनी_वही
'नांगी टाकणे'वरून: आमच्याकडे खेकडा धरला की कधी कधी नांगी तुटून हातातच राहते आणि तो पळून जातो. म्हणी-वाक्प्रचारांचे संग्रह चाळून बघतो, तिथे मूळ विंचू आहे की खेकडा.

रेवदंडा
विंचूच निघणार. आणि तुमच्याकडे चिंबोरी भरलेली आहे की पोकळ, हे ओळखायला काय शब्द आहे? आमच्याकडे अमावस्येची भरलेली धरतात.