एफपीएस (दर सेकंदाला दिसणाऱ्या फ्रेम) बदलला की उडीची उंची बदलते, ग्रुपवर भांडणं सुरू

प्रश्न:
दोघांनी मिळून केलेला प्लॅटफॉर्मर (उड्या मारत पुढे जायचा गेम) आहे, इंजिन स्वतःचं. १४४ एफपीएसवाले २.४ मीटरच्या कठड्यावर चढतात, ३० वाल्यांना तो गाठताच येत नाही. डेल्टा टाइमचा (मागच्या फ्रेमपासून गेलेल्या वेळेचा) गुणाकार सगळीकडे आहे. गुरुत्व २०, उडीचा वेग १०. खेळाडू एकमेकांना चीटर म्हणताहेत, आम्हालाही शिव्या पडताहेत. काय करावं?

उत्तर १:
गुणाकार बरोबर असला तरी पायरी, म्हणजे एका हिशेबात पुढे सरकणारा वेळ, लहानमोठी होतेय, तिथेच घोळ आहे. आधी वेग कमी करून मग त्याच वेगाने जागा बदलली, की पायरी जितकी मोठी तितकी उडी खुजी. खरी उंची २.५ मीटर, १४४ वर २.४६५ मिळते, ३० वर २.३३३.

फिजिक्स, म्हणजे हालचालीचा हिशेब, १/६० सेकंदाच्या ठरलेल्या पायरीवर न्या. फ्रेमचा वेळ साठवत जा, त्यात जितक्या पायऱ्या मावतील तितक्या चालवा, उरलेला वेळ पुढच्या फ्रेमला द्या. चित्र मात्र मागच्या आणि आताच्या स्थितीच्या मधलं काढा, नाहीतर १४४ वर हालचाल अडखळते. साठवण्याआधी फ्रेमचा वेळ ०.२५ सेकंदावर कापा. हे बहुतेक जण विसरतात; मग एका झटक्याने पायऱ्या साचतात, त्या उपसताना पुढची फ्रेम आणखी लांबते आणि गेम गोठतो.

उत्तर २:
बटणाकडेही बघा. १४४ वर अर्ध्याहून जास्त फ्रेममध्ये फिजिक्सची पायरीच पडत नाही, त्यामुळे तिथे दाबलेली उडी हरवते. ३० वर एका फ्रेममध्ये दोन पायऱ्या पडतात, तेच बटण दाबणं दोनदा मोजलं जातं. ‘दाबलं’ ही खूण पुढच्या पायरीपर्यंत जपा, वापरली की लगेच पुसा.

उत्तर ३:
ग्रुपवर आजच पिन करा: हा गेमचा दोष आहे, कोणीही चीटिंग केलेलं नाही. वरचे आकडे तसेच द्या, ३० वाल्यांना ते वाचायचा हक्क आहे. तारीख कबूल करू नका. तक्रारीत व्हर्जन, एफपीएस आणि २० सेकंदांचा व्हिडिओ मागा. एका आठवड्यात एकानेच मेसेज वाचावेत, दुसऱ्याने फक्त कोड. रोज शिव्या वाचत कोणाच्याही हातून नीट काम होत नाही. शिवीगाळ केली तर एक ताकीद, मग ब्लॉक. जुने विक्रम पुसू नका, वेगळ्या यादीत ठेवा.

प्रश्नकर्ता:
१४४ वाल्यांची उडी आता कमी होईल ना?

उत्तर १:
हो, १/६० सेकंदाच्या पायरीवर सगळ्यांना २.४१७ मिळेल. उडीचा वेग १०.१ करा, २.४६७ होईल. तो बदल पॅचच्या नोंदीत लिहा.