'छुपी' बाजू, 'दडलेली' की 'नजरेआडची'?

एका स्वतंत्र चित्रपटकर्मीवरचा लेख तपासते आहे. त्यात वाक्य आहे : 'शहराच्या छुप्या बाजूंचा शोध घेणारी त्यांची कारकीर्द'. चूक दाखवता येत नाही, पण 'छुप्या' खटकतंय.

— खटकणारच. छुपा हेतू, छुपा पाठिंबा, छुपा कॅमेरा... मराठीत 'छुपा' आला की लबाडीचा वास येतो. त्यात हे गृहस्थ कॅमेरावाले! 'दडलेल्या' करा.

— 'दडलेल्या'ही नको. दडणं, लपणं अकर्मक. जो दडतो तो आपणहून दडतो. पहाटे रस्ता झाडणारी बाई कुठे दडलेली असते? भर रस्त्यात असते. 'झाकलेली' म्हटलं तर झाकणारा कोणीतरी हवा. तसा असेल तिथे शब्द चपखल बसतो : मनोरुग्ण कैद्यांच्या संस्थेवरचा फ्रेडरिक वाइजमन यांचा १९६७चा माहितीपट मॅसॅच्युसेट्सच्या न्यायालयाने अडवला, तो सर्वांसाठी खुला व्हायला १९९१ उजाडलं.

पण बहुतेक वेळा कोणी काही झाकत नाही. लॉस एंजेलिसमधली वॉट्स ही वस्ती १९६५च्या दंगलीने जगभर बातम्यांत होती. तिथल्या कत्तलखान्यातल्या कामगाराचं घर, मोकळ्या जागेत खेळणारी पोरं मात्र दिग्दर्शक चार्ल्स बर्नेट यांनी 'किलर ऑफ शीप' या चित्रपटात दाखवेपर्यंत पडद्यावर जवळजवळ नव्हतीच. आणि हे सिनेमाच्याच शहरात! याला 'नजरेआडची' म्हणावं. दोष बघणाऱ्याकडे जातो. दृष्टीआड सृष्टी म्हणतोच ना आपण. फक्त 'नजरेआड केलेली' आणि 'नजरेआड राहिलेली' यांत फरक आहे, चूक नजरेआड करतात ती जाणूनबुजून.

— बर्नेटांचा विषय निघालाच आहे तर 'स्वतंत्र'बद्दल. तो चित्रपट १९७७ साली पूर्ण झाला, पण त्यातल्या गाण्यांचे हक्क मिळेनात म्हणून चित्रपटगृहांत रीतसर लागला २००७ मध्ये. स्वतःचं तंत्र चालवणारा तो स्वतंत्र, इथपर्यंत ठीक. पुढे सगळं दुसऱ्याच्या हातात. मला तर 'अपक्ष' जवळचा वाटतो. निवडणुकीतल्यासारखाच, ना पक्ष ना निधी. (लेखात घालू नका, लोक हसतील.)

— 'कारकीर्द'ही बघा. मुळात तो राजाचा किंवा अधिकाऱ्याचा अंमल. आठ-दहा वर्षांनी एक चित्रपट करणाऱ्याची 'वाटचाल' बरी.

— 'शहराच्या नजरेआड राहिलेल्या जगण्याचा शोध घेणारी' असं केलं. लेखक तयार झाले. 'कारकीर्द' मात्र सोडत नाहीत.