हेलियमचं दुखणं डॉलरपुरतं नाही

हेलियम महागला तो केवळ डॉलर चढला म्हणून, हे म्हणणं अर्धंच खरं. हा वायू बहुतेक ठिकाणी नैसर्गिक वायूसोबत निघतो, म्हणजे जोडउत्पादनच. मागणी वाढली म्हणून लगेच जास्त निघत नाही. जून २०१७ मध्ये शेजाऱ्यांनी कतारची नाकेबंदी केली, तेव्हा तिथले दोन्ही हेलियम प्लांट काही काळ बंद पडले. आपला जवळपास सगळा माल बाहेरचा, मग झळ बसणारच! त्यात द्रवरूप हेलियम उणे २६९ अंशांनाच उकळतो. कंटेनर बंदरात रखडला की पैशांची अक्षरशः वाफ. आमच्याकडे सिलिंडर आला की आधी दाब दाखवणाऱ्या गेजचा काटा बघतो, मगच डिलिव्हरी चलनावर सही करतो.