विंडोज ७ नव्याने टाकल्यावर अपडेट घेताना ८००७२ईएफई ही त्रुटी येते

अक्षरजुळणी_पुणे :
नमस्कार. अप्पा बळवंत चौकाजवळ माझे अक्षरजुळणीचे लहानसे दुकान आहे. तेथील एका संगणकावर अजून विंडोज ७ आहे आणि ते बदलणे मला सध्या परवडणारे नाही, कारण श्रीलिपी या मराठी अक्षरजुळणीच्या सॉफ्टवेअरच्या जुन्या आवृत्तीचे डोंगल (ते चालवण्यासाठी संगणकाला जोडावी लागणारी परवान्याची किल्ली) माझ्याकडे त्याच संगणकावर चालते. शिवाय पंधरा वर्षांच्या पत्रिका आणि स्मरणिका युनिकोड ही आजची सर्वमान्य अक्षरपद्धत रूढ होण्यापूर्वीच्या फॉन्टमध्ये असल्यामुळे त्या फायली दुसरीकडे उघडल्या की मजकुराच्या जागी नुसती चिन्हे दिसतात.

मागील आठवड्यात हार्ड डिस्क बंद पडली. दुरुस्ती करणाऱ्यांनी एसएसडी बसवून जुन्याच डीव्हीडीवरून विंडोज टाकून दिले, परंतु अपडेट शोधायला सांगितले की हिरवी पट्टी थोडा वेळ फिरते आणि लाल ढालीशेजारी ८००७२ईएफई हा क्रमांक येतो. राउटर बंद करून पुन्हा सुरू केला, मोबाइलच्या हॉटस्पॉटवर जोडून पाहिले, विंडोज उतरवलेले अपडेट जिथे ठेवते त्या सॉफ्टवेअर डिस्ट्रिब्यूशन या फोल्डरचे नावही बदलले. उपयोग झाला नाही. दुरुस्ती करणारे म्हणतात की कंपनीने या विंडोजचे अपडेट कायमचे बंद केले आहेत. हे खरे आहे का?

जुना_तंत्रज्ञ :
ताई, ते अर्धेच खरे आहे. विंडोज ७चा नियमित आधार १४ जानेवारी २०२० रोजी संपला आणि पैसे भरून मिळणारा वाढीव आधारही जानेवारी २०२३मध्ये थांबला, त्यामुळे नवे काही येणार नाही. मात्र जानेवारी २०२०पर्यंतचे अपडेट आजही घेता येतात.

या क्रमांकाचा शब्दशः अर्थ ‘जोडणी मध्येच तुटली’ असा आहे, म्हणून प्रत्येक जण आधी राउटरवर संशय घेतो. प्रत्यक्षात दोष बहुधा सहीचा असतो. प्रत्येक अपडेटवर मायक्रोसॉफ्टची डिजिटल सही असते आणि ती पूर्वी एसएचए-१ या पद्धतीने केली जात असे. या पद्धतीत फायलीवरून तिची ओळख पटवणारा एक छोटा आकडा, म्हणजे ठसा, काढला जातो. ही पद्धत कमकुवत असल्याची शंका जुनीच होती. २०१७मध्ये संशोधकांनी दोन वेगवेगळ्या पीडीएफ फायलींचा एसएचए-१ ठसा एकच येतो हे करून दाखवले. त्यानंतर २०१९मध्ये विंडोज ७चे अपडेट केवळ एसएचए-२ सहीने येऊ लागले आणि २०२०मध्ये जुन्या पद्धतीवर चालणारे अपडेटचे सर्व्हरही बंद झाले. आपली डीव्हीडी त्याआधीची आहे. तिच्यावरून टाकलेल्या विंडोजला नवी सही वाचताच येत नाही, आणि ती वाचायला शिकवणारे अपडेट त्याच बंद दारापलीकडे आहे. म्हणून पहिल्या दोन-तीन फायली हातानेच टाकाव्या लागतात.

प्रथम ‘संगणक’वर उजवी क्लिक करून गुणधर्म पाहावेत. तेथे सर्व्हिस पॅक १ (विंडोज ७च्या सुरुवातीच्या दुरुस्त्यांचा एकत्रित संच) लिहिलेले नसेल, तर पुढचे काहीच बसणार नाही. आधी तो टाकावा. मग केबी४४९०६२८ (केबी हा मायक्रोसॉफ्टच्या अपडेटचा क्रमांक) टाकून संगणक पुन्हा सुरू करावा आणि त्यानंतर केबी४४७४४१९ टाकावे. या फायली दुसऱ्या संगणकावरून मायक्रोसॉफ्ट अपडेट कॅटलॉग या अधिकृत संकेतस्थळावरून उतरवून पेन ड्राइव्हने न्याव्यात, कारण डीव्हीडीसोबत आलेल्या इंटरनेट एक्सप्लोरर ८मध्ये आजची संकेतस्थळे नीट उघडत नाहीत.

कोथरूडकर :
वरील उत्तराशी मी सहमत आहे. दोन गोष्टी जोडतो. संगणक इतका जुना असेल, तर मदरबोर्डवरील नाण्याच्या आकाराचा सीआर२०३२ सेल एकदा तपासून घ्यावा. तो संपला की मुख्य स्विच बंद करताच तारीख मागे जाते आणि सर्व्हरची ओळख पटवणारी डिजिटल प्रमाणपत्रे अमान्य ठरतात. तेव्हा बहुधा ८००७२एफ८एफ असा वेगळा क्रमांक येतो, परंतु एक दुरुस्त होताच दुसरा समोर उभा राहिला तर माणूस गोंधळून जातो.

दुसरे म्हणजे ‘सर्व अपडेटसहित विंडोज ७’ अशा नावाने कुठून कुठून मिळणाऱ्या फायली कृपया घेऊ नका. त्यांत कोणी काय मिसळले आहे हे कळायला मार्ग नाही, आणि आपल्या संगणकावर ग्राहकांचे मजकूर, पत्ते, फोटो असतात.

अक्षरजुळणी_पुणे :
सेल तपासला, तारीख बरोबर राहते. सर्व्हिस पॅक खरोखरच नव्हता, तो टाकला. केबी४४९०६२८ही बसले. मात्र केबी४४७४४१९ उघडताच ‘हे अपडेट आपल्या संगणकाला लागू होत नाही’ असे उत्तर येते. क्रम चुकला का?

जुना_तंत्रज्ञ :
क्रम बरोबर आहे. फाईल चुकली असावी. कॅटलॉगमध्ये या एकाच क्रमांकाखाली विंडोज ७, सर्व्हर आणि एम्बेडेड अशा अनेक ओळी एकाखाली एक येतात आणि नावे जवळजवळ सारखीच दिसतात. आपले विंडोज ६४-बिट असेल तर ‘विंडोज ७’ आणि ‘एक्स६४’ हे दोन्ही शब्द असलेलीच ओळ घ्यावी. ३२-बिट असेल तर ‘एक्स६४’ नसलेली.

फाईल उघडल्यावर ‘या संगणकावरील अपडेट शोधत आहे’ या पाटीवर अर्धा-पाऊण तास काहीच हलले नाही, तर ते रद्द करावे, सर्व्हिसेसच्या यादीत जाऊन विंडोज अपडेट ही सेवा थांबवावी आणि फाईल पुन्हा उघडावी. बहुतेक वेळा ती लगेच पुढे सरकते.

अक्षरजुळणी_पुणे :
मनापासून आभार. मी खरोखर ३२-बिटची फाईल उतरवली होती. योग्य फाईल टाकून संगणक पुन्हा सुरू केला आणि तो लाल क्रमांक गेला. काल संध्याकाळी शोध सुरू करून दुकान बंद केले. सकाळी पाहते तो अपडेटची लांबलचक यादी तयार होती. आता ते टप्प्याटप्प्याने बसत आहेत. यानंतर हा संगणक इंटरनेटला जोडलेला ठेवावा का?

कोथरूडकर :
शक्यतो ठेवू नये. २०२०नंतर सापडलेल्या त्रुटींवर त्यात कोणताच उपाय नाही. अपडेट बसून झाले की नेटची केबल काढावी, ईमेल आणि व्हॉट्सअॅपचे काम दुसऱ्या संगणकावर करावे आणि फायली पेन ड्राइव्हने आणताना आधी तिकडे तपासून घ्याव्यात. नेट अगदीच लागले, तर फायरफॉक्स या ब्राउझरची ११५ ईएसआर (दीर्घकाळ आधार मिळणारी) आवृत्ती या विंडोजवर चालणारी शेवटची आहे, तीच वापरावी.

जुना_तंत्रज्ञ :
आणखी एक विनंती. सर्व अपडेट बसले, डोंगल ओळखले गेले आणि एक जुनी पत्रिका नीट उघडली, की त्याच दिवशी कंट्रोल पॅनेलमधील बॅकअपमधून सिस्टम इमेज (विंडोज आणि प्रोग्रामसह संपूर्ण डिस्कची प्रत) बनवून बाहेरच्या हार्ड डिस्कवर ठेवावी आणि दुरुस्तीची सीडीही तेथेच तयार करून घ्यावी. पुढे एसएसडी बंद पडली, तर डीव्हीडीपासून सुरुवात करावी लागणार नाही. तासाभरात संगणक आहे त्या स्थितीत परत येईल.