मदत हवी आहे: लोखंड नसलेल्या बेटांवर होड्या कशा बांधतील?

नमस्कार मंडळी. एका काल्पनिक द्वीपमालेवर कादंबरी लिहितेय. समुद्रातून जेमतेम दोन-तीन मीटर वर आलेली प्रवाळबेटं आणि तिथे पिढ्यानपिढ्या राहणारे दर्यावर्दी लोक. जादू आहे, पण फक्त वाऱ्यापुरती. बाकीचं जगणं खरं वाटलंच पाहिजे.

पिण्याच्या पाण्याचं कोडं सुटलं. लक्षद्वीपसारख्या बेटांवर पावसाचं पाणी सच्छिद्र प्रवाळात मुरतं आणि खाऱ्या पाण्यावर गोड्या पाण्याचा थर तरंगत राहतो. उपसा जास्त झाला की विहीर मचूळ! यावरून गावातली दोन भांडणं लगेच सुचली. दिशा ओळखण्याचंही जमलं. मायक्रोनेशियाचे माऊ पियाइलुग यांनी १९७६ मध्ये होकुलेआ ही होडी हवाईहून ताहितीला कोणत्याही उपकरणाविना नेली, तारे आणि लाटा वाचत. माझी नायिका तेच शिकते.

अडलंय ते होडीपाशी. धातू नाही, म्हणजे खिळे नाहीत. मोठ्या शिंपल्याच्या वाकसाने लाकूड तासायचं, फळ्यांना भोकं पाडून काथ्याने शिवायच्या, इथवर ठीक. पण शिवणीच्या फटींत काय भरायचं? माडाच्या फळ्या खाऱ्या पाण्यात तग धरतात का, की वाहून आलेल्या ओंडक्यांची वाट बघावी लागेल? काथ्याची शिवण किती पावसाळे टिकते?

कोकणात कुणाच्या घरी होडीकाम होत असेल, तर जुन्या माणसांना विचाराल का प्लीज? अर्धवट आठवणीही चालतील.