सोसायटी ग्रुपवरची रात्र: खाज, चुना आणि लिफ्टचा खड्डा

९:४६ – मुग्धाची आई (सी-४०१): सॉरी, उशिरा मेसेज करतेय. मुग्धाच्या दोन्ही पायांना घोट्याच्या वर काहीतरी चावलंय. मोजले, १९ डाग आहेत. संध्याकाळी लिफ्टपाशी खेळत होती. खाजवून खाजवून दोन ठिकाणी रक्त काढलंय. परवा इथेच कुणीतरी टाकलं होतं म्हणून टूथपेस्ट लावली, तर आग होतेय म्हणून जास्तच रडतेय. काय करू?

९:४८ – देशमुख काका (ए-१०२): चुना लावा. पानाचा. आमच्याकडे गांधीलमाशीला पण चुनाच. मिनिटात थंड.

९:४८ – पाटील काका (डी-१०३): लिफ्टच्या खड्ड्यातलं पाणी कधी उपसणार?

९:४९ – सिस्टर मावशी (बी-१०४): चुना अजिबात नको!! मुग्धाच्या आई, आधी ती पेस्ट साध्या पाण्याने धू. मग साबण लावून हलक्या हाताने. टॉवेलने घासू नकोस, टिपून घे.

९:५० – सिस्टर मावशी (बी-१०४): देशमुख, राग मानू नका. तुमची कातडी ७० वर्षांची, तिची ६ वर्षांची. चुना भाजतो. वॉर्डात पाहिलेलं सांगते, चावलेलं वाटाण्याएवढं आणि चुन्याने भाजलेलं रुपयाएवढं. आई बिचारी दारात रडत उभी.

९:५१ – देशमुख काका (ए-१०२): आम्ही काय मेलो का चुन्याने?

९:५१ – ओंकार (बी-३०३): काका चुना लावण्यात पूर्वीपासून एक्सपर्ट 😂 गणपतीची वर्गणी आठवा

९:५२ – देशमुख काका (ए-१०२): ओंकार, वडिलांना फोन दे.

९:५३ – मुग्धाची आई (सी-४०१): धुतलं मावशी. आग कमी झाली, पण खाज सुटतेच आहे. नखं कापू का?

९:५३ – सिस्टर मावशी (बी-१०४): हो, आत्ताच काप. बर्फाचे दोन-तीन खडे सुती रुमालात गुंडाळून डागांवर धर. बर्फ थेट नको. १० मिनिटं धर, काढ, थोड्या वेळाने परत. मादी डास रक्त पिताना तिची लाळ आत सोडते, त्या लाळेवर शरीर चिडतं आणि खाज येते. खाजवलं की आणखी चिडतं. गारव्याने ते शांत होतं.

९:५४ – कुलकर्णी काकू (बी-२०१): आंबेहळद उगाळून लावा हो. मी सहाण काढलीच आहे, पाठवू का वर? आमच्या आजेसासूबाईंपासून चालत आलंय.

९:५५ – सिस्टर मावशी (बी-१०४): काकू, मुका मार लागला, सूज आली, तर तुमच्या आंबेहळदीला मी नाही म्हणणार नाही. पण रक्त आलेल्या जागी कुठलाच लेप नको. सहाण, खोड, पाणी, बोट, सगळं त्या जखमेत जातं.

९:५६ – कुलकर्णी काकू (बी-२०१): बरं. शिकलेल्या माणसांपुढे आम्ही काय बोलणार.

९:५६ – पाटील काका (डी-१०३): लिफ्टच्या खड्ड्यातलं पाणी कधी उपसणार? तिसऱ्यांदा विचारतोय.

९:५७ – ओंकार (बी-३०३): दुसऱ्यांदा काका

९:५७ – पाटील काका (डी-१०३): जूनपासून मोज.

९:५८ – सेक्रेटरी (ए-४०२): सर्व सदस्यांना नम्र विनंती, तक्रारी ऑफिसच्या वहीत लिहाव्यात. खड्ड्यात पाणी जमिनीखालच्या टाकीच्या गळतीमुळे येतं. कोटेशन मागवलेलं आहे. शिवाय हे डासच आहेत कशावरून? पार्किंगमध्ये मांजरांना कोण खाऊ घालतं ते सगळ्यांना माहीत आहे. पिसवा असतील.

९:५९ – रेगे ताई (ए-२०१): आलंच का मांजरांवर! सेक्रेटरी साहेब, नाव घेऊन बोला ना. मी स्वतःच्या पैशाने त्यांची नसबंदी केली आहे. सोसायटीने एक रुपया दिलेला नाही.

१०:०० – सेक्रेटरी (ए-४०२): मी कुणाचंही नाव घेतलेलं नाही. 🙏

१०:०१ – सिस्टर मावशी (बी-१०४): भांडण बाजूला ठेवा, पोरीचे पाय बघू द्या. डाग एकेका ठिकाणी तीन-चार मिळून आहेत की विखुरलेले?

१०:०२ – मुग्धाची आई (सी-४०१): विखुरलेले. पोटरीवर जास्त, तीन-चार गुडघ्याच्या वर फ्रॉकखाली पण आहेत. मोज्याच्या जागी एकही नाही.

१०:०३ – सिस्टर मावशी (बी-१०४): मग मला डासच वाटतात. पिसवा बहुतेक घोट्यापाशी चावतात, एका जागी दोन-तीन डाग करतात. खात्री हवी असेल तर कुणीतरी पांढरे मोजे पोटरीपर्यंत ओढून मांजरांच्या कोपऱ्यात पाच मिनिटं फिरून या. पिसवा असल्या तर पांढऱ्यावर काळ्या ठिपक्यासारख्या दिसतात.

१०:०४ – ओंकार (बी-३०३): मी जातो. क्रिकेटचे मोजे आहेत.

१०:०५ – मुग्धाची आई (सी-४०१): बर्फाने थांबली होती, काढला की परत खाजवतेय. घरात कॅलामाइन नाही. खायचा सोडा चालतो ना?

१०:०६ – सिस्टर मावशी (बी-१०४): चालतो. मोठा चमचाभर सोडा घे, त्यात थेंब थेंब पाणी घाल. ओघळेल इतकं पातळ नको, ओल्या चटणीसारखं घट्ट. फक्त न फुटलेल्या डागांवर लाव, १० मिनिटांनी धुऊन टाक. रात्रभर ठेवायचं नाही. रक्त आलेल्या दोन जागा सोड.

१०:०७ – साने वहिनी (सी-२०२): सोडा म्हणजे इनो चालेल का? लेमनचा आहे घरी.

१०:०७ – सिस्टर मावशी (बी-१०४): नाही. त्यात सायट्रिक ॲसिड असतं. आणि धुण्याचा सोडा तर मुळीच नाही, तो त्वचेला झोंबतो. डब्यांवर चिठ्ठ्या लावा ग सगळ्याजणी.

१०:०८ – जोशी (डी-३०२): लिंबू पिळा, सगळ्यात सोपं.

१०:०८ – सिस्टर मावशी (बी-१०४): फुटलेल्या त्वचेवर लिंबू पिळून बघा एकदा स्वतःच्या. आणि लिंबाचा रस लागलेल्या जागी ऊन पडलं की काळे चट्टे, फोड उठतात.

१०:०९ – मुग्धाची आई (सी-४०१): खालची कोरफड तोडली तर चालेल का? एकच पान.

१०:१० – गार्डन कमिटी (डी-२०४): ताई, तुमच्यासाठी नाही म्हणत नाही. पण मागच्या महिन्यात केसांना लावायला अख्खी कुंडी बोडकी केली होती कुणीतरी. रजिस्टरमध्ये नोंद करून घ्या.

१०:११ – रेगे ताई (ए-२०१): लहान पोरगी रडतेय आणि पानाची नोंद??

१०:१२ – साने वहिनी (सी-२०२): मावशी, आमच्या ह्यांना काल रात्री बाल्कनीत मानेवर काहीतरी चालल्यासारखं वाटलं, त्यांनी हाताने चिरडलं. आज लालभडक लांब पट्टा उठलाय, बारीक फोड आहेत. सासूबाई म्हणतात नागीण आहे, उतरवायला माणूस बोलवू. दिव्याखाली तसेच दोन किडे मेलेले सापडले.

१०:१४ – सिस्टर मावशी (बी-१०४): किडा कसा आहे? मुंगीसारखा लांबट, केशरी आणि काळे पट्टे?

१०:१४ – साने वहिनी (सी-२०२): हो हो, अगदी तसाच!

१०:१६ – सिस्टर मावशी (बी-१०४): मग त्याचंच असावं. तो चावत नाही, डंख मारत नाही. चिरडला की त्याच्या अंगातला रस त्वचा भाजतो. त्या वेळी कळतही नाही, दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी पट्टा दिसतो. पावसाळ्यात दिव्याला येतात, आपण येऊरच्या जंगलाच्या कुशीत, म्हणून जास्त. अंगावर बसला तर फुंकर मारा किंवा कागदाने झटका. चुकून चिरडलाच तर लगेच साबणाने धुवा आणि तो हात डोळ्याला लावू नका. आता गार पाण्याची पट्टी ठेवा आणि सकाळी डॉक्टरांना दाखवा. खरी नागीण असेल तर औषध पहिल्या तीन दिवसांत सुरू झालेलं बरं. उतरवणाऱ्याच्या नादात ते दिवस घालवू नका.

१०:१७ – कुलकर्णी काकू (बी-२०१): नागिणीला आमच्याकडे गेरू लावायचे. असो.

१०:१८ – देशमुख काका (ए-१०२): घरगुती उपायांना इतकं हसू नये. गावी विंचू चावला की चिंचोका उगाळून चिकटवायचे, विष ओढून घ्यायचा.

१०:१९ – सिस्टर मावशी (बी-१०४): देशमुख, तुमच्याच महाडला डॉ. हिंमतराव बावस्करांनी लाल विंचवाच्या दंशावर प्राझोसिन हे रक्तदाबाचं औषध वापरून माणसं वाचवली, पद्मश्री मिळाली त्यांना. तुम्ही चिंचोक्यावर का अडलात? खाजेला घरचे उपाय आहेत. विंचवाला दवाखानाच. ओठ-जीभ सुजली, दम लागला, मधमाश्यांनी खूप ठिकाणी डंख मारला, तर सोडाबिडा कालवत बसायचं नाही.

१०:२० – देशमुख काका (ए-१०२): बावस्करांबद्दल मला अभिमानच आहे. आमच्या चुलत्याला त्यांनीच वाचवलं.

१०:२० – पाटील काका (डी-१०३): लिफ्टच्या खड्ड्यातलं पाणी कधी उपसणार?

१०:२४ – ओंकार (बी-३०३): मोजे रिपोर्ट. मांजरांच्या कोपऱ्यात सात मिनिटं फिरलो, मोज्यावर एक पण पिसू नाही. येताना वॉचमन काकांकडून दार उघडून घेतलं आणि टॉर्च मारून खड्ड्यात पाहिलं. व्हिडिओ टाकतोय. सगळं पाणी वळवळतंय. तेवढ्यात मला पाच चावले.

१०:२५ – रेगे ताई (ए-२०१): सेक्रेटरी साहेब, बघितलात का व्हिडिओ?

१०:२६ – सेक्रेटरी (ए-४०२): मी मांजरांविरुद्ध कधीच नव्हतो. सोमवारी धुराची फवारणी करून घेऊ.

१०:२७ – सिस्टर मावशी (बी-१०४): धुराने उडते डास मरतात, पाण्यातल्या अळ्या तशाच राहतात. अंड्यापासून डास व्हायला आठवडा-दहा दिवस लागतात, म्हणून तर आठवड्यातून एकदा साठलेलं पाणी ओतून कोरडा दिवस पाळायला सांगतात. पाणी उपसल्याशिवाय मी तिच्या पायाला काहीही लावायला सांगितलं, तरी उद्या संध्याकाळी नवे डाग येणार. आणि ऐका, पुढच्या आठ-पंधरा दिवसांत तिला किंवा कुणालाही ताप आला तर मनाने ॲस्पिरिन, आयबुप्रोफेन देऊ नका. डेंग्यू असला तर रक्तस्रावाचा धोका वाढतो. सरळ डॉक्टर.

१०:२८ – जोशी (डी-३०२): खड्ड्यात गप्पी मासे सोडले तर? स्वस्तात काम.

१०:२९ – सेक्रेटरी (ए-४०२): लिफ्टच्या खड्ड्यात मासे पाळता येत नाहीत जोशी. तिथे पाणी असणंच चुकीचं आहे.

१०:२९ – पाटील काका (डी-१०३): आज प्रथमच लेखी कबूल केलंत. स्क्रीनशॉट घेतलाय.

१०:३४ – मुग्धाची आई (सी-४०१): सोडा लावून धुतला, मग परत बर्फ धरला. खाजवता खाजवता हात थांबला आणि झोपली. रक्त आलेल्या जागांवर काहीच लावलेलं नाही मावशी. पातळ पायजमा घातलाय.

१०:३५ – सिस्टर मावशी (बी-१०४): शाब्बास. सकाळी त्या दोन जागा बघ. भोवती लाली वाढली, गरम लागलं, पू दिसला तर डॉक्टरांकडे ने. नाहीतर साबण-पाणी पुरे.

१०:३६ – कुलकर्णी काकू (बी-२०१): झोपली ना पोर, छान झालं. सकाळी तिच्यासाठी गोडाचा शिरा पाठवते.

१०:३८ – सेक्रेटरी (ए-४०२): सकाळी ७ वाजता पंप लावतो. टाकीची गळती रविवारच्या मीटिंगमध्ये पहिला विषय. रात्री लिफ्ट बंद करून खड्ड्याच्या दाराला कुलूप लावायला सांगितलंय. पंपाची वायर मात्र खड्ड्यापर्यंत पोचत नाही. कुणाकडे लांब एक्स्टेंशन आहे?

१०:४१ – रेगे ताई (ए-२०१): माझ्याकडे आहे, १५ मीटरची. सातला वॉचमनच्या टेबलावर ठेवते. पंप लावताना मांजरांचं भांडं कुणी हलवू नये.

१०:४१ – पाटील काका (डी-१०३): मी पावणेसातलाच खाली येतो.