अनुभव धागा : कुर्डीची परतवेळ

गायिका मोगूबाई कुर्डीकरांचे गोव्यातले कुर्डी गाव १९८६ मध्ये साळावली धरणाच्या पाण्याखाली गेले. दर मे महिन्यात पाणी ओसरले की ते काही दिवस उघडे पडते. त्या दिवसांत सोमेश्वराच्या देवळापाशी ज्यांना परतवेळ लागली, म्हणजे बुडण्यापूर्वीच्या गावात ज्यांचे पाऊल पडले, त्यांनी आपला अनुभव लिहावा. तेथे काय पाहिले यापेक्षा तेथे काय केले आणि त्याने इकडे काय बिघडले, हे सविस्तर लिहावे, कारण येत्या मे महिन्यातही लोक लेकरांना घेऊन तेथे जातील.

वाडे येथून :
मला अंगणात आईचे वडील भेटले. गाव बुडणार आहे, आताच जमीन विकून मडगावला जा, असे मी त्यांना कळवळून सांगितले. पुनर्वसनात शेजारी भूखंड मिळाले म्हणूनच माझ्या आईबाबांचे लग्न जुळले होते, हे तेव्हा ध्यानात आले नाही. घरी आले तर बाबांनीच दार उघडून "कोणाची गो तू?" असे विचारले, आणि भिंतीवरच्या लग्नाच्या फोटोत त्यांच्याशेजारी आई नव्हती. जी जन्मलीच नाही ती आजोबांना सांगायला गेली कशी, याचा उलगडा मला अजून झालेला नाही. दुसऱ्या संध्याकाळी पुन्हा जाऊन मी आधीचे सारे खोटे असल्याचे सांगितले. "काल एक मुलगी नेमके उलटे सांगून गेली, तोंडवळा तुझाच," असे म्हणून ते बराच वेळ माझ्याकडे पाहत राहिले. ते गेले नाहीत. मे महिन्यात कुर्डीला जायचे नाही, अशी शपथ ते मला लहानपणी का घालत, हे आता कळते. सारे ठाऊक असूनही ते माझ्यासाठी थांबले होते.

मडगावहून :
चौथऱ्याच्या चिखलात सापडलेली पितळी समई मी पुढच्या वर्षी परतवेळेत आजीला दिली, आणि गाव सोडताना तिने ती त्याच चौथऱ्यात पुरली. मग ती घडवली कोणत्या तांबटाने? माझ्या हातून पडून तिला आलेला पोचा, ती मला सापडली तेव्हाच तिच्यावर होता.

सांगे येथून :
मला केवळ देवळातली घंटा ऐकू आली. मी मागे वळलो नाही.

वालकिणी येथून :
पहिला पाऊस पडून पाणी चढू लागले की परतवेळ मिटते, हे माझ्या धाकट्या भावाला ठाऊक नव्हते. तो चोवीस वर्षांचा होता. आमच्या वाड्यावर साठी उलटलेले एक गृहस्थ आहेत, ते मला पाहताच वाट बदलतात. त्यांच्या कपाळावरचा व्रण मी लहानपणी पाटी फेकून मारली तेव्हाचा आहे.